आग्वादचा दिवा आणि नकलांचा इतिहास

धागा लांब आहे. ज्यांना घाई असेल त्यांनी निदान पहिल्या वजाबाकीपर्यंत थांबावे.

गोव्याच्या आग्वाद किल्ल्यावरील दीपगृहाविषयी मराठीत एक मजकूर गेली अनेक वर्षे फिरत आहे. पर्यटनाच्या पुस्तिकांत तो आहे, सहलीच्या लेखांत आहे, आणि ‘इतिहासप्रेमी’ म्हणवणाऱ्या आपल्या पानांवर तर तो दर हिवाळ्यात नव्याने उगवतो. त्याचा गाभा असा: आग्वादचे चार मजली दीपगृह १८६४ साली बांधले गेले, आरंभी त्याचा प्रकाश सात मिनिटांतून एकदा पडत असे, १८३४ साली सुधारणा होऊन तो दर तीस सेकंदांनी पडू लागला, १९७६ साली ते बंद झाले, आणि आशिया खंडातील आपल्या प्रकारचे ते सर्वात जुने दीपगृह होय.

पुन्हा वाचा. बांधकाम १८६४ साली, सुधारणा १८३४ साली. म्हणजे मनोरा उभा राहण्याच्या तीस वर्षे आधी त्याच्या दिव्याची दुरुस्ती झाली! हा मजकूर हजारो लोकांनी वाचला, शेकडोंनी पुढे पाठवला, कित्येकांनी स्वतःच्या नावाखाली प्रसिद्ध केला; आणि त्यातल्या बहुतेकांना दोन ओळींतील दोन आकडे शेजारी ठेवून पाहावेसे वाटले नाही. आपण जे वाचलेले नाही ते आपण लिहीत आहोत, हा याचा अर्थ आहे. माझे भांडण त्याच सवयीशी आहे. दीपगृहाशी नाही, दीपगृह मला अतिशय प्रिय आहे.

आधी ‘सर्वात जुने’ हा दावा घेऊ, कारण तो पाडायला फारसे कष्ट पडत नाहीत.

चेन्नईला उच्च न्यायालयाच्या आवारात ग्रॅनाइटचा एक उंच स्तंभ आजही उभा आहे. तो दीपगृह म्हणून १८४४ साली प्रज्वलित झाला. आग्वादच्या १८६४ पेक्षा तो वीस वर्षांनी वडील आहे. तोही त्या शहराचा पहिला दिवा नव्हे. पहिला दिवा १७९६ साली फोर्ट सेंट जॉर्जमधील एका इमारतीच्या गच्चीवर लागला. ती इमारत व्यापाऱ्यांच्या देवघेवीसाठी बांधलेली होती. तिथे आता किल्ल्याचे वस्तुसंग्रहालय आहे. ‘दीपगृहाचे संग्रहालय झाले’ असे वाक्य कुणाला लिहायचेच असेल तर त्याचा आपल्या देशातला अस्सल दाखला तो आहे. पण तेथील दालनांतून फिरणाऱ्या कितीजणांना आपल्या डोक्यावरच्या गच्चीत एके काळी तेलाचे दिवे जळत होते हे ठाऊक असते, हा प्रश्नच आहे.

केरळात आलप्पुळा येथील दीपगृह १८६२ सालचे. तेही आग्वादहून वडील, तेही उभे, आणि त्याच्या आवारात दीपगृहांचे संग्रहालयही आहे. सिंगापूरच्या सामुद्रधुनीच्या मुखाशी खडकावरचे हॉर्सबर्ग दीपगृह १८५१ सालचे. आपल्या मुंबईत कुलाब्याच्या दक्षिण टोकाला अठराव्या शतकाच्या उत्तरार्धातच दीपगृह होते. पुढे प्राँग्जच्या खडकावर नवे दीपगृह झाले तेव्हा त्याचे काम संपले. आणि ‘आशिया’ हा शब्द एवढ्या सहजपणे वापरायचा असेल तर महाबलीपुरम येथील ओलक्कणेश्वराच्या मंदिराच्या माथ्यावर जहाजांसाठी दिवा लावला जाई, याचाही विचार करावा लागेल. १८६४ हे साल त्या पंगतीत फार मागे बसते.

यावर ठरलेले उत्तर येते: “आम्ही ‘आपल्या प्रकारचे’ असे म्हटले आहे.” हा ‘आपल्या प्रकारचे’ शब्दप्रयोग म्हणजे पळवाट आहे. कोणता प्रकार? चार मजली? पोर्तुगीज? टेकडीवरचे? प्रकार सांगितल्यावाचून त्यात ‘सर्वात जुने’ असणे म्हणजे एकट्याने धावून शर्यत जिंकणे होय. गंमत अशी की, पोर्तुगीजांच्याच ताब्यातील मकाव येथे ग्वीया टेकडीवरचे दीपगृह १८६५ साली लागले आणि चीनच्या किनाऱ्यावरील पहिले पाश्चात्त्य पद्धतीचे दीपगृह असा त्याचा लौकिक आहे. तिथे निदान ‘चीनचा किनारा’ आणि ‘पाश्चात्त्य पद्धत’ अशा दोन मर्यादा स्पष्ट घातलेल्या आहेत. आपण मात्र सरळ सगळा आशिया खंड खिशात घालून मोकळे होतो.

आता त्या वजाबाकीकडे वळू. इथे केवळ हसून पुढे जाता येत नाही, कारण या घोटाळ्याच्या पोटात खरा इतिहास दडलेला असण्याचा संभव आहे.

जुन्या गोव्यात ऑगस्टिनियन संन्याशांचा मोठा मठ होता. त्याच्या चर्चचा मनोरा आजही अर्धा उभा दिसतो. पोर्तुगालने १८३४ साली धार्मिक संघ बरखास्त केले, त्याचा अंमल गोव्यात १८३५ साली झाला, मठ ओस पडले, आणि १८४२ साली त्या चर्चचे छत कोसळले. त्याच मठाची प्रचंड घंटा आज पणजीच्या प्रसिद्ध पांढऱ्या चर्चच्या माथ्यावर आहे. तिथे ती १८७१ साली आली. मधल्या काळात, १८४१ पासून १८७१ पर्यंत, ती कुठे होती? त्या घंटेच्या इतिहासात उत्तर येते: आग्वादच्या दीपगृहात.

म्हणजे १८४१ साली आग्वादला घंटा टांगण्याजोगे दीपगृह होते, आणि तेही १८६४ सालापूर्वी तेवीस वर्षे. ही नोंद आणि १८३४ सालच्या सुधारणेची नोंद या दोन्ही एकाच दिशेला बोट दाखवतात. १८६४ हे साल आग्वादच्या पहिल्या दिव्याचे असूच शकत नाही. फार तर ते आज दिसणाऱ्या मनोऱ्याचे असेल. या आकड्यांना खरे मानायचे तर दुसरा मार्ग उरत नाही. आणि खोटे मानायचे असतील तर ते लिहू नयेत. दोन्ही एकत्र लिहिण्याची मुभा मात्र कुणालाच नाही. ज्यांना ‘सर्वात जुने’ हवे होते त्यांनी आग्वादच्या दिव्याचे वय स्वतःच्याच हाताने तीस वर्षांनी कमी केले, असाही याचा अर्थ होतो. पुढे कुणी सांगेल की १८३४ हा १९३४ चा मुद्रणदोष आहे. असेलही. पण मग घंटेचे काय, हेही त्याने सांगावे.

सात मिनिटे आणि तीस सेकंद हा फरकही नुसता वाचून सोडून देण्यासारखा नाही. रात्री समुद्रावरून येणाऱ्या नाखव्याला किनाऱ्यावरचा दिवा दिसून भागत नाही. तो कोणता दिवा हे कळावे लागते. कोळ्याच्या होडीवरचा कंदील, वाडीतली आग, चर्चसमोरचा दिवा आणि दीपगृह यांतला भेद अंधारात कसा कळणार? म्हणून प्रत्येक फिरत्या दिव्याला ठरावीक कालांतराची ओळख असते: अमुक सेकंदांनी एक झोत, तमुक सेकंदांनी दोन. नाखवा मनात आकडे मोजतो आणि नकाशाशी ताडून पाहतो. ताशी सहा सागरी मैल वेगाने येणारे गलबत सात मिनिटांत सुमारे १३०० मीटर पुढे सरकते. एक झोत पाहिला आणि दुसऱ्याची वाट पाहत राहिले, तर तेवढ्यात मुखाशी असलेली वाळूची दांडी लागूही शकते. तीस सेकंदांत तेच गलबत शंभर मीटरही जात नाही. ही सुधारणा किरकोळ नव्हती; तिच्यामुळे निरुपयोगी दिवा उपयोगी झाला.

आणि सात मिनिटांची संथ फेरी ही वजनावर चालणाऱ्या आरंभीच्या घड्याळी यंत्रांच्या काळाला शोभते. फ्रान्समध्ये कोर्दुआँच्या दीपगृहावर फ्रेनेलची भिंगे १८२३ साली बसली; त्यानंतरच्या चाळीस वर्षांत युरोपातील दीपविद्या कुठल्या कुठे गेली. १८६४ साली नव्याने बांधलेल्या मनोऱ्यावर सात मिनिटांचा दिवा बसवणे म्हणजे आगगाडी सुरू झाल्यावर नवी पालखी खरेदी करण्यासारखे झाले असते. त्यामुळे संथ दिवा आधीचा आणि मनोरा नंतरचा, हीच संगती मला अधिक पटते.

मनोरा बुटका का, हा प्रश्नही तिथे उभे राहिलेले लोक विचारतात. उंची अवघी १३ मीटरच्या आसपास. कारण सोपे आहे: उंची टेकडीने आधीच दिली आहे. समुद्रसपाटीवर उभा असलेला १३ मीटरचा दिवा क्षितिजावर साधारण १३ किलोमीटर पोहोचतो. तोच दिवा ८० मीटर उंचीवर नेऊन ठेवला तर ३२ किलोमीटर. शिवाय गलबताच्या डोलकाठीवर चढलेल्या माणसाची उंची धरली तर त्याहूनही अधिक. म्हणून आग्वादचा मनोरा आडवा, जाडजूड आणि बसका आहे. चेन्नईचा १८४४ चा स्तंभ सपाट किनाऱ्यावर असल्यामुळे आकाशात गेला आहे. किनाऱ्याच्या घडणीने ठरवलेल्या या गोष्टी आहेत. त्या सांगितल्या तर वाचणाऱ्याला दीपगृह कळेल. ‘आशियातील सर्वात जुने’ सांगितले तर काहीच कळणार नाही.

किल्ला तर दिव्याहून कितीतरी जुना. १६०९ ते १६१२ या काळात पोर्तुगीजांनी तो मांडवीच्या मुखावर उभारला तो मुख्यतः डचांच्या भीतीने. ती भीती खोटी नव्हती. १६३७ पासून पुढे डच आरमार वर्षानुवर्षे याच मुखाशी येऊन गोव्याची कोंडी करत राहिले. ‘आग्वाद’ या नावात ‘आग्वा’ म्हणजे पाणी आहे. आफ्रिकेला वळसा घालून महिनोन्महिने आलेली जहाजे इथे गोडे पाणी भरत. वरच्या किल्ल्यातले भूमिगत टाके आजही त्याची साक्ष देते. नेपोलियनच्या काळात तर फ्रेंचांच्या धास्तीने १७९९ ते १८१३ या वर्षांत इंग्रजांची फौज गोव्यात होती, आणि मुखावरच्या आग्वाद व काबो या जागा त्यांच्या ताब्यात होत्या. हे मी भरभर सांगतो आहे, कारण हा भाग बहुतेक ठिकाणी बरा लिहिलेला सापडतो.

इथे थोडे आपल्या घरातलेही बोलले पाहिजे. दीपगृहाच्या नकलांवर टीका केली की टाळ्या पडतात. कारण चूक ‘त्यांच्या’ वास्तूविषयी असते. पण आपल्याच वर्तुळात दुसरी एक पोस्ट फिरते, जिच्यात छत्रपती संभाजी महाराजांनी १६८३ साली आग्वाद जिंकला असे छातीठोकपणे लिहिलेले असते. ते खरे नाही. त्या वर्षी फोंड्याहून पोर्तुगीजांना मार खाऊन परतावे लागले. २४ नोव्हेंबरच्या रात्री मराठ्यांनी जुवे बेटावरचा किल्ला घेतला. व्हाइसरॉय कोंद द आल्व्होर मोठ्या मुश्किलीने निसटला. डिसेंबरात बारदेश आणि साष्टीत मराठ्यांच्या फौजा शिरल्या. जुन्या गोव्यात व्हाइसरॉयने संत फ्रान्सिस झेवियरच्या शवापाशी आपला राजदंड नेऊन ठेवावा, इतकी वेळ आली होती. एवढे सारे खरे असताना त्यात न जिंकलेला किल्ला घालण्याची गरज कुणाला पडते? आग्वाद आणि रेइश मागुश त्या स्वारीत पडले नाहीत. १७३९ साली, चिमाजी आप्पा वसईला वेढा घालून बसले होते त्याच वर्षी, सावंतवाडीकर भोसल्यांनी जवळजवळ सारा बारदेश घेतला. तेव्हाही उरले ते हेच दोन किल्ले. किल्ला का टिकला हा प्रश्न उलट अधिक अभ्यासनीय आहे: समुद्राकडून रसद, आत पाण्याचा साठा, आणि मराठ्यांकडे त्या मुखात उतरवण्याजोग्या आरमाराचा अभाव. पांडुरंग पिसुर्लेकरांनी गोव्याचे दप्तर आयुष्यभर उपसून ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ मराठीत लिहून ठेवले. ते न वाचता आपण पराक्रमाची भर घालतो. पदरचे घालून केलेली स्तुती पूर्वजांना लागत नाही.

आता मूळ मुद्द्याकडे. एवढा त्रागा एका दीपगृहाच्या सालासाठी कशाला, असे कुणीही विचारील. चुकीने कुणाचे काय बिघडले?

उत्तर किल्ल्याच्या रचनेतच आहे. आग्वादचे दोन भाग आहेत. वरचा भाग टेकडीच्या माथ्यावर; तिथे खंदक, टाके आणि हे दीपगृह. खालचा भाग समुद्राच्या काठाला, तिथे तुरुंग. वर सूर्यास्त दिसतो आणि छायाचित्रे चांगली येतात. गेल्या वेळी मी वर उभा असताना एक वाटाड्या चाळीस जणांच्या घोळक्याला तो सात मिनिटांचा आणि आशियाचा मजकूर तोंडपाठ म्हणून दाखवत होता. मी त्याला विचारले, “खाली काय आहे?” तो म्हणाला, “काही नाही, जुना जेल.” घोळका गाडीत बसून निघून गेला. दोष त्या गरीब माणसाचा नाही. जे लिहिलेले सापडले ते त्याने पाठ केले. लिहिणारे आपण आहोत.

‘काही नाही’ म्हणून सोडून दिलेल्या त्या जागेत कोण होते?

१८ जून १९४६ रोजी मडगावला डॉ. राममनोहर लोहियांनी सभाबंदी मोडली आणि गोव्याच्या मुक्तिसंग्रामाचे नवे पर्व सुरू झाले. सप्टेंबरच्या अखेरीस ते पुन्हा गोव्यात आले तेव्हा कुळे स्थानकावरच त्यांना पकडून आग्वादला डांबले गेले. गोव्याच्या राष्ट्रवादाचे जनक मानले जाणारे टी. बी. कुन्हा यांना त्याच वर्षी आग्वादच्या कोठडीत ठेवले, लष्करी न्यायालयापुढे उभे केले आणि आठ वर्षांची शिक्षा देऊन पोर्तुगालच्या पेनिश किल्ल्यात पाठवले. पुरुषोत्तम काकोडकर, डॉ. राम हेगडे, लक्ष्मीकांत भेंब्रे हेही पेनिशला हद्दपार झाले.

मग १९५५. १८ मे रोजी नानासाहेब गोरे आणि सेनापती बापट यांची तुकडी सीमा ओलांडून गेली. पाठोपाठ शिरुभाऊ लिमये, मधु लिमये, जगन्नाथराव जोशी, बंगालचे त्रिदिब चौधरी. १५ ऑगस्टला निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळ्या चालल्या आणि वीसहून अधिक माणसे मेली. पकडलेल्या नेत्यांना दहा-दहा, बारा-बारा वर्षांच्या शिक्षा झाल्या. त्यांपैकी अनेकांनी आग्वादच्या कोठड्यांत दिवस काढले; सुटका फेब्रुवारी १९५७ मध्ये झाली. पुण्या-मुंबईच्या, कोकणच्या, देशावरच्या किती घरांतली माणसे त्या काळात तिथे होती याची मराठी वाचकाला आज कल्पना नाही. गोव्याचा तुरुंग हा मराठी राजकारणाच्या एका पिढीचा प्रत्यक्ष अनुभव होता. सांगलीकडचा मनोहर आपटे नावाचा तरुण गोव्यात शिक्षक म्हणून राहिला, मोहन रानडे या नावाने सशस्त्र लढ्यात उतरला, आणि १९५५ मध्ये बेतीच्या पोलीस चौकीवरील हल्ल्यात जखमी होऊन पकडला गेला. बेती म्हणजे आग्वादपासून जवळच. त्याला सव्वीस वर्षांची शिक्षा झाली. गोवा डिसेंबर १९६१ मध्ये मुक्त झाला. रानडे लिस्बनजवळच्या काशियाशच्या तुरुंगातून सुटले ते जानेवारी १९६९ मध्ये. गोवा मुक्त झाल्यावर सात वर्षे हा माणूस गोव्यासाठी कैदेत होता!

आणि एक प्रसंग, जो दीपगृहाच्या कोणत्याही मजकुरात मला कधी आढळला नाही. १८ डिसेंबर १९६१ ची संध्याकाळ. भारतीय सैन्य मांडवीच्या उत्तर काठापर्यंत येऊन पोहोचले होते. आग्वादमध्ये राजकीय कैदी आहेत असे कळल्यावर सातव्या लाइट कॅव्हलरीचे मेजर शिवदेव सिंग सिद्धू आपली तुकडी घेऊन किल्ला ताब्यात घ्यायला निघाले. किल्ल्यातील पोर्तुगीज शिबंदीला शरणागतीचे आदेश तोवर पोहोचलेले नव्हते. आतून गोळीबार झाला. मेजर सिद्धू आणि कॅप्टन विनोद सेहगल तिथे पडले. दुसऱ्या दिवशी पोर्तुगीज गव्हर्नर जनरलने शरणागती पत्करली. कैद्यांना सोडवायला निघालेले हे दोन अधिकारी गोव्याच्या मुक्तीच्या आदल्या संध्याकाळी मारले गेले, आणि तेही ज्या टेकडीवर उभे राहून आपण सूर्यास्ताची छायाचित्रे काढतो त्याच टेकडीच्या किल्ल्यापाशी.

वर सांगितलेल्या वजाबाकीने बिघडते ते हे. वाचणाऱ्याचे लक्ष मोजके असते. तीस सेकंदांच्या चित्रफितीत एक मनोरा, एक सूर्यास्त आणि एक खोटा विक्रम मावला की दुसऱ्या कशाला जागा उरत नाही. ‘आशियातील सर्वात जुने’ हे शब्द निरुपद्रवी वाटतात, पण ते ज्या जागेवर बसले आहेत तिथे सिद्धू आणि सेहगल ही नावे असायला हवी होती.

हा तुरुंग मुक्तीनंतर गोव्याचे मध्यवर्ती कारागृह म्हणून चालू राहिला. २०१५ साली कैदी कोलवाळला हलवले गेले. डागडुजीनंतर १९ डिसेंबर २०२१ रोजी, मुक्तीला साठ वर्षे पूर्ण झाली त्या दिवशी, पंतप्रधानांच्या हस्ते त्याचे संग्रहालय म्हणून उद्घाटन झाले. लोहिया आणि कुन्हा यांच्या कोठड्या तिथे दाखवल्या जातात. याबद्दल शासनाचे अभिनंदन करायला मला संकोच नाही. सप्टेंबर २०२३ मध्ये देशातला पहिला दीपस्तंभ महोत्सवही याच आग्वादवर भरला. म्हणजे वर दिवा आणि खाली तुरुंग, या दोन्हींना सरकारी मान्यता मिळाली. पण या दोहोंना जोडणारी गोष्ट अजून कुणी लिहिलेली नाही, आणि ती लिहिणे हे सरकारचे काम नव्हे.

तुलनेसाठी पोर्तुगालकडे पाहावे, कारण ते याच साम्राज्याचे दुसरे टोक आहे. लिस्बनजवळ काश्काइश येथे सांता मार्ता नावाच्या किनारी किल्ल्यात १८६८ सालचे दीपगृह आहे. २००७ पासून तिथे दीपगृहांचे संग्रहालय आहे. भिंगे कशी घडत, तेल कसे जळे, दीपरक्षक कसे राहत हे तिथे कळते. विक्रमाच्या गप्पांची तिथे गरज पडत नाही. आणि कुन्हांना जिथे नेले त्या पेनिशचे काय झाले? त्या किल्ल्याचे हॉटेल करण्याचा घाट २०१६ च्या सुमारास घातला गेला होता. लोक संतापले, बेत रद्द झाला, आणि तिथे प्रतिकार व स्वातंत्र्याचे राष्ट्रीय संग्रहालय झाले. ते पूर्णपणे उघडले २७ एप्रिल २०२४ रोजी, सालाझारची राजवट उलथून पडल्यावर तिथले राजकीय कैदी सुटले त्याला बरोबर पन्नास वर्षे झाली त्या दिवशी. तिथे भिंतीवर सुमारे अडीच हजार कैद्यांची नावे कोरली आहेत. आपल्याला तुरुंगात घालणाऱ्यांच्या वारसांनी हे केले. पेनिशच्या टोकावरही एक जुने दीपगृह आहे, १७९० सालचे. पण त्यामुळे कुणी तुरुंगाला ‘काही नाही’ म्हणत नाही.

काहीजण लगेच म्हणतील की मग पोर्तुगीजांचा मनोरा हवाच कशाला. हे दुसरे टोक मला तितकेच अमान्य आहे. दिव्याला जात नसते, ध्वज नसतो. आग्वादचा झोत पोर्तुगीज फ्रिगेटला दिसला तसा रत्नागिरीच्या पडावाला दिसला आणि मालवणच्या कोळ्यालाही दिसला. नवा दिवा लागला तरी समुद्र काही वाचन करून शहाणा होत नाही: २००० साली जून महिन्यात ‘रिव्हर प्रिन्सेस’ नावाचे खनिजवाहू जहाज याच दिव्याच्या शेजारी, कांदोळीच्या वाळूत येऊन रुतले आणि दहा वर्षांहून अधिक काळ तसेच गंजत पडले होते. त्या काळात पर्यटक दीपगृहापेक्षा त्या जहाजाचीच छायाचित्रे जास्त काढत, हे जाताजाता.

तेव्हा माझी मागणी नेमकी आहे. ज्यांनी तो मजकूर आपल्या पानावर ठेवला आहे त्यांनी तो काढू नये. दुरुस्त करावा, आणि दुरुस्त केला असे लिहावे. ‘आशियातील सर्वात जुने’ खोडावे; शेजारी १७९६, १८४४, १८५१ आणि १८६२ ही साले लिहावीत. १८३४ आणि १८६४ एकाच परिच्छेदात आले तर घंटेची हकीकतही सांगावी. वरच्या किल्ल्याचे वर्णन करताना खालच्या तुरुंगाचा उल्लेख करावा, आणि त्यात दोन सैनिकांची नावे असावीत. पोर्तुगीज वाचता येणारी मराठी मुले आता पुष्कळ आहेत. पणजीचे पुराभिलेखागार उघडे आहे. एकोणिसाव्या शतकातील सरकारी गॅझेट तिथे आहेत. दीपगृहाच्या सालाचा निकाल त्या कागदांत लागेल, प्रतिसादांच्या खिडकीत लागणार नाही.

आणि ज्यांच्या आजोबांनी, पणजोबांनी, आज्यांनी १९५५ च्या सत्याग्रहात भाग घेतला, ज्यांच्या घरी आग्वादहून आलेले पत्र, सुटकेचा दाखला, त्या वेळच्या वृत्तपत्राचे कात्रण अशी एखादी वस्तू ट्रंकेत पडून असेल, त्यांनी तिचे छायाचित्र तारखेसह खाली द्यावे. पत्रावर पोर्तुगीज तपासणीचा शिक्का असेल तर तोही स्पष्ट दिसू द्यावा. जे जे येईल ते सालवार लावून पुढच्या धाग्यात देईन.